पाऊणकीचं चाक

१

चाक गेलं हे रामवाडीला चहा उकळायच्या आत कळलं, आणि ते हौसाबाईनं घालवलं हे चहा गार व्हायच्या आत.

दारात रोह्याचा टेंपो उभा होता. ओटीवरच्या टेबलावर जुन्या लुगड्यात बांधलेलं नाथाचं यंत्र होतं. लुगड्याची गाठ काही केल्या सुटेना, म्हणून निलेशनं ती कात्रीनं कापली, लुगडं बाजूला केलं, आणि गाभाऱ्यात शिरावं नि देवच नसावा तसा उभा राहिला.

शिवणीच्या लाकडाची चौकट जागेवर. चाकं, दोऱ्या, पितळी मोळे जागेवर. पुढली घड्याळासारखी तबकडी जागेवर. फक्त मधलं चाक नव्हतं. आणि तबकडीवरचा लांब काटा मेलेल्या कावळ्याच्या पंखासारखा खाली लोंबत होता.

"पाऊणकीचं चाक," निलेश म्हणाला. "हेच तर ह्या यंत्राचं काळीज."

हा निलेश रोह्याचा. कंपनीतली बरी चाललेली नोकरी सोडून त्यानं एकच वेड घेतलेलं, हिशेबाची जुनी यंत्रं जमवायची. कॉम्प्युटर यायच्या आधी माणसांनी आकडेमोडीसाठी काय काय खटपटी केल्या ते लोकांना दाखवायचं. त्याच्या दालनात बँकांनी भंगारात काढलेली दांडा फिरवायची यंत्रं होती, मण्यांच्या चौकटी होत्या, सरकत्या पट्ट्या होत्या. पण मधलं टेबल त्यानं नाथाच्या यंत्रासाठी रिकामं ठेवलं होतं.

नाथा म्हणजे हौसाबाईचा नवरा. खारपाटातला, म्हणजे खाऱ्या जमिनीच्या पट्ट्यातला, मिठागराचा माणूस, शाळेत गेला तो फक्त छप्पर शाकारायला. खाडीकाठी जुनी माणसं सांगायची, चंद्राची जी तिथी असेल तिची पाऊणपट करा, भरतीची वेळ निघते. तीच पाऊणकी नाथानं लाकडात उतरवली. तिथीइतके खटके दांडा फिरवायचा, की काटा भरती कवा पुरी होणार ते दाखवी. पाणी फिरलं की उघाडीची फळी उचलायची, म्हणजे बांधातलं दार उघडायचं आणि शेतातलं पावसाचं पाणी खाडीला सोडायचं. आधी उचलली तर खाडीच शेतात येते.

आता नाथाचं उजवं अंग लकव्यानं गेलं होतं, आणि बोलणंही. दाराशी खाटेवर बसून तो बंडीची कड दातात धरून डाव्या हातानं बटण लावत होता. घरात एवढा गलका, पण त्यानं मान वर केली नाही.

"आये," धनेश हळूच म्हणाला. धनेश हा तिचा धाकटा. "असंल तर दे काढून. आम्ही काय बोलणार नाय."

हौसाबाई हातातली कपबशी घेऊन त्याच्याकडं वळली. "काय असंल?"

धनेश गप्प. त्याची बायको अनिता जमिनीकडं बघत राहिली. निलेशनं चष्मा पुसायला घेतला. त्या तिघांच्या गप्प बसण्यात जे होतं ते हौसाबाईला स्पष्ट ऐकू आलं, कारण मागच्याच आठवड्यात, यंत्र माळ्यावरून खाली आलं तवा, ह्याच ओटीवर उभं राहून ती निलेशला बोलली होती, "ह्या हडळीनं माझा पोर खाल्ला. घेऊन जा लवकर, नायतर एक दिस मीच चुलीत घालीन."

तिनं कपबशी खाली ठेवली. चहाला तोंडही लावलं नव्हतं.

"ऐका. उभ्या जन्मात मी कुणाची काडी उचलली नाय. ह्या वयात घरच्यांनी चोर ठरवली, बरं झालं, ती बी हौस फिटली. आता चोर हुडकल्याबिगर ह्या घरातल्या अन्नाला शिवले तर नाव सांगणार नाय हौसा."

२

टेंपो बिनचाकाचं यंत्र घेऊन रोह्याला गेला. लुगडं मात्र हौसाबाईनं ठेवून घेतलं. तिचंच होतं ते.

तिनं ते मांडीवर पसरलं. कापलेली गाठ तशीच होती, कात्री गाठीच्या मागून चालली होती.

"धन्या, ही गाठ तू बांधलीस?"

"व्हय. काल सांजच्याला. निलेशभाऊ सकाळी येणार होते ना."

"तुझी सरगाठ. एक टोक ओढलं की सुटणारी. ही बघ."

धनेशनं बघितलं. गाठ गुंडाळी झालेली, वेडीवाकडी, पण दगडासारखी आवळलेली. आणि एक शेव चुरगळलेला, चावून चावून धागे निघालेला.

"उंदीर," धनेश म्हणाला.

"उंदराला गाठ मारता येते व्हय? मग त्यालाच ग्रामपंचायतीत घ्या."

अनिताला तिनं मागल्या पडवीत गाठलं. अनिता न्हाणीच्या चुलीपाशी भांडी घासत होती. सून चांगली होती, पण सुनेला चांगली म्हणायची सासूला सवय नव्हती.

"तू सकाळी पहिली उठलीस. काय बघितलंस?"

"काय नाय बघितलं, आई. मी उठले तर न्हाणीचं पाणी तापलेलं. चूल पेटलेली. मला वाटलं तुमीच पेटवलीत."

"मी? माझे गुडघे मला बसू देतात का चुलीपाशी?"

"मग आबांनी पेटवली आसंल. ते बसलेच होते हितं, रोजच्यासारखे हात शेकत." अनितानं तवा पालथा घातला. मग मान खाली घालूनच म्हणाली, "आई, रागवू नका. पण तुमी नाय तर कोण? यंत्राचा राग कुणाला हाय दुसऱ्या?"

हौसाबाई बोलणार होती. पण प्रश्न खरा होता, आणि खऱ्या प्रश्नाला शिवी देऊन भागत नाही.

यंत्राचा राग. तिच्याशिवाय आणखी एकाला होता.

काल संध्याकाळी कान्हू येऊन गेला होता. घटकाभर ओटीवर बसला होता, एकटाच.

३

गडबला हायवेच्या कडेला कान्हूची चहाची टपरी. हौसाबाई मिनीडोरमधून उतरली ती पदर खोचूनच.

कान्हू तिचा खारपाटातला शेजारी. बऱ्याच वर्षांपूर्वी पिठोरीच्या आवशीला, म्हणजे अमावास्येला, बांधाला खांड गेली, खारं पाणी शेतात शिरलं, आणि कान्हूची जमीन जी मेली ती मेलीच. भाताच्या जागी चिपीची खारफुटी उगवली. जमिनीपाठोपाठ गावही उठलं. कुणी पेणला, कुणी पनवेलला, हौसाबाईचं घर रामवाडीला. कान्हू इथं, रस्त्याच्या धुळीत.

"या वयनी. चहा?"

"चहा नको. चाक दे."

कान्हूनं तिच्याकडं बघितलं, मग कपात बुडवून मऊ केलेला पाव तोंडात टाकला. "कसलं चाक? गाडीचं पंक्चर पलीकडं काढतात."

"थट्टा नको. काल माझ्या ओटीवर बसला होतास."

"नाथादादाला बघाय आलो होतो." तो बोळकं पसरून हसला, आणि हौसाबाईच्या ध्यानात आलं की ह्याच्या तोंडात दात म्हणून राहिलेला नाही. "तू असतीस तर तुझ्या शिव्या खाल्ल्या असत्या. नव्हतीस, म्हणून त्याच्या शेजारी गप बसलो. यंत्र बघितलं गाठोड्यात. हात नाय लावला. मला त्याची अजून भीती वाटते, वयनी."

ती बाकड्यावर बसली. दात नसलेला माणूस लुगड्याचा शेव चावणार कसा? एक संशयित हातातून गेला, आणि का कोण जाणे, तिला बरं वाटलं नाही.

"कान्हू, त्या दिवशी उघाडीवर माझ्या थोरल्या गोविंदासंगं तूच होतास."

"तुला शंभरदा सांगितलंय."

"परत सांग."

कान्हूनं स्टोव्ह बारीक केला. "पाऊस बेफाम. शेतात ढोपरावर पाणी तुंबलेलं. गोविंदा धावत आला, फळीला हात घातला. मी बोललो, बाबा, पाणी अजून चढतंय, बघ की. तर बोल्ला, काका, पावसामुळं तसं दिसतंय. आमच्या आबांचं यंत्र सांगतंय, साडेदहाला भरती पुरी, पाणी फिरलं. आपण उशीर केला तर भात कुजंल." तो थांबला. "फळी उचलली तशी खाडी आत घुसली. बांध उभा फुटला. माझा हात बांधातल्या चिंबोऱ्याच्या बिळात रुतला म्हणून मी राहिलो. तो नाय राहिला."

"साडेदहा बोल्ला? नक्की?"

"त्याच्या हातात मॅट्रिक पास झाल्याचं घड्याळ होतं. मला दाखवलं त्यानं."

हौसाबाईनं हे शंभरदा ऐकलं होतं. पण आजवर ऐकलं ते आईच्या कानानं, आणि आईच्या कानाला शेवटचंच ऐकू येतं, तो नाय राहिला. आज उपाशी पोटी, चोराच्या शोधात, तिनं पहिल्यांदा मधलं ऐकलं.

साडेदहा.

"नाथादादाचं ते यंत्र पुनवेला कवा चुकलं नाय बघ," कान्हू म्हणाला. "अख्खा खारपाट त्यावर चालायचा. आवशीलाच का चुकलं, देव जाणे."

"त्या आवशीला हे घरी नव्हते," हौसाबाई हळूच बोलली. गणपती चार दिवसांवर आलेले, नाथा पेणच्या कारखान्यात मूर्तींचे पाट करायला गेलेला. सकाळी गोविंदा आपल्या हातानं दांडा फिरवून निघाला होता. चुलीपाशी वाकून म्हणाला होता, "आये, आज पाणी लवकर फिरणार. सांजच्याला पिठोरीच्या पुजेला तू डोक्यावर ताट घेऊन 'अतीत कोण?' विचारशील ना, तवा 'मी' म्हणायला पहिला मीच येतो."

सांजच्याला आला तो चौघांच्या खांद्यावर.

"कान्हू," ती उठली. "आवशीची भरती आपल्या खाडीला किती वाजता पुरी व्हायची?"

"सव्वाअकरा. आपली म्हातारी मंडळी सांगायचीच की."

४

दुपारच्या गाडीनं ती रोह्याला गेली. कासूला शेजारची बाई चिवड्याची पुडी पुढं करून म्हणाली, "घ्या गो आजी." हौसाबाई म्हणाली, "उपास हाय." खोटं नव्हतं.

निलेशच्या दालनात तेलाचा आणि जुन्या पितळेचा वास होता. तो तिला बघून गडबडला, खुर्ची दिली, पाणी दिलं. पाणी तिनं घेतलं. दुसऱ्याच्या घरचं होतं.

"आजी, सकाळी मी काही बोललो नाही, पण माझ्या मनात आलं होतं. माफ करा."

"मनातलं माझ्या बी तोंडात येतं, म्हणून तर ही पाळी." ती भोवताली बघत होती. "ही सगळी येड्या माणसांची कामं?"

"येडीच म्हणा." निलेशचा चेहरा उजळला. "एका साहेबानं जन्मभर एक मोठं गणिताचं यंत्र बांधलं, पण ते डोळ्यांदेखत पुरं झालंच नाही. लोक हसले. आणखी एक होता, बाप कर गोळा करायचा, रात्र रात्र बेरजा करायचा. ते बघवेना म्हणून त्या पोरानं बापासाठी बेरजेचं यंत्र केलं."

हौसाबाई त्या यंत्राच्या चित्राकडं बघत राहिली. "आमच्याकडं उलटं झालं," ती म्हणाली. "रात्रीचं बांधावर बसून पाणी बघायचं असायचं. भरती कवा फिरते ते. गोविंदा तिथंच कंदिलात अभ्यास करायचा, डास फोडून काढायचे. ह्यांना बघवेना. म्हणून हे चाकं कापत बसले. मी बोलले, पाऊणकी म्हणायला तोंड दिलंय देवानं, त्याला लाकूड कशाला? तर बोल्ले, माझ्या तोंडाबरोबर ती जाईल गो. पोराला निजू दे जरा."

निलेशनं रिकामा पेला उचलून बाजूला ठेवला.

"तू यंत्राचा फोटो काढला होतास. माळ्यावरून खाली आलं त्या दिवशी."

त्यानं मोबाईल काढला. यंत्र धुळीचं, कोळिष्टकाचं, पण पुरं. चाक होतं. आणि काटा लोंबत नव्हता, ताठ उभा होता.

"तेव्हा फिरवायला गेलो, पण लाकूड फुगून सगळं जाम झालं होतं," निलेश म्हणाला. "काटासुद्धा हलेना. कुणीतरी शेवटचं फिरवलं असेल तिथंच अडकलेला. चाक निघालं, तेव्हा सुटून खाली पडला."

"कितीवर हाय काटा?"

त्यानं फोटो मोठा केला. "साडेदहा."

हौसाबाईनं फोटोतल्या काट्यावर बोट ठेवलं. त्या दिवसानंतर नाथानं यंत्र कुणालाच उघडू दिलं नव्हतं. म्हणजे हा काटा गोविंदाच्या हातानं थांबलेला. एवढी वर्षं माळ्यावर, तिच्या डोक्यावर, तो तसाच साडेदहाला उभा होता.

"पंधरा पाऊणे सव्वाअकरा," ती पुटपुटली. "आवस म्हणजे पंधरावी तिथी. पुनव बी पंधरावी. पुनवेला बरोबर सांगायचं ते आवशीला साडेदहा कसं सांगेल रे?"

"यंत्राला पुनव-आवस कळत नाही, आजी. आपण जेवढे खटके घालू त्याचीच पाऊणपट ते करणार. यंत्र चुकत नाही. चुकतो तो..."

तो थांबला. पण थांबायला उशीर झाला होता.

हौसाबाईची नजर भिंतीवरच्या पंचांगावर गेली. तिला वाचता येत नव्हतं, पण एसटीच्या पाट्यांनी आकडे शिकवले होते. ती उठून जवळ गेली, आवशीच्या काळ्या टिकल्यावर बोट ठेवलं.

"हितं काय लिवलंय? पंधरा?"

"नाही. तीस."

"तीस का?"

"पंचांगात पौर्णिमा पंधरा आणि अमावास्या तीस लिहायची पद्धत आहे. महिन्याची तिसावी तिथी ना." निलेशचा आवाज बारीक होत गेला. "नाथाबाबा चंद्र बघून मोजायचे. त्यांना पंचांग कुठं वाचता येत होतं?"

"त्यांना नाय येत." तिनं भिंतीला हात टेकला. "गोविंदाला येत होतं. घराण्यातला पहिला मॅट्रिक. भिंतीवरचं पंचांग मोठ्यानं वाचून दाखवायचा मला. सांग, तीस पाऊणे किती?"

"साडेबावीस."

"घड्याळात?"

"बारा गेले, तर..." निलेशनं मोबाईल उपडा ठेवला. "साडेदहा."

बाहेर रिक्षावाला कुणाशी तरी भांडत होता. दालनातली सगळी यंत्रं गप्प होती. पाऊण तास. पोराचा आणि मरणाचा हिशेब पाऊण तासाचा होता, आणि यंत्रानं जे विचारलं त्याचं खरं उत्तर दिलं होतं.

"आजी, मग... मग तर चोरी उलटी झाली," निलेश म्हणाला. "ज्याला यंत्राचा राग, त्यानं हे चाक घालवायचं कारण नाही. चाक बसलं असतं, यंत्र फिरलं असतं, तर काय दिसलं असतं? की यंत्र बरोबर होतं."

"आणि कोण चूक होतं, ते बी."

तिनं पिशवीतून लुगड्याचा तो तुकडा काढला, गाठीसकट. चावलेला शेव बोटानं चाचपला. दोन हात असलेल्या माणसाला गाठ मारायला दात लावायची गरज काय?

"निलेश, चाक कुणाला विकायचं नव्हतं, कुणाचा राग काढायचा नव्हता. काटा पाडायचा होता. गोविंदा चुकला हे जगाला कळू नये म्हणून पाडायचा होता. त्या पोरावर एवढा जीव टाकणारी माणसं ह्या जगात दोनच उरलीत." तिचा आवाज फुटला नाही, फक्त खाली गेला. "एक मी."

५

ती घरी आली तवा उन्हं कलली होती. ओटीवरून सरळ मागल्या पडवीत गेली. गुडघे कुरकुरले तरी न्हाणीच्या चुलीपाशी बसली आणि राखेत हात घातला.

राख अजून कोमट होती. बोटांना एक मोळा लागला. मग दुसरा. पितळेचे, बारीक, डोकी चपटी. चाकाच्या कडेला दात म्हणून बसवलेले. ते नाथानं पेणच्या घड्याळजीकडून मागून आणले होते, आणि गोविंदानं चिंच लावून घासले होते. आता काळे पडलेले.

नाथा खाटेवरून तिच्याकडं बघत होता. काठी टेकत, पाय ओढत तो पडवीच्या उंबऱ्यापर्यंत आला.

"बसा," ती म्हणाली. "पडाल."

तो बसला. दोघांच्या मध्ये चूल.

"त्या सांजेला तुमी पेणहून आलात. पोराला अंगणात ठेवलं होतं. तुमी आधी त्याच्याकडं नाय गेलात, यंत्राकडं गेलात. मी बघितलं. मी गावासमोर ओरडले, बघा ह्याला पोरापेक्षा लाकूड लाडकं." तिनं मोळे पदरात गोळा केले. "तुमी काटा बघायला गेला होतात. बघितलात. आणि कळलं."

नाथाच्या घशातून आवाज आला. शब्द नव्हता.

"मग कान्हू आला, गाव आलं. बोल्ले, नाथ्या, तुझ्या यंत्रानं गाव बुडवला. तुमी खाली मान घालून बोल्लात, व्हय, यंत्रच चुकलं. एकदा बी नाय बोल्लात की पोर चुकला. कुणी त्याच्या नावानं बोट मोडू नये म्हणून सगळी बोटं आपल्याकडं वळवून घेतलीत. माझी बी."

नाथानं डावा हात वर केला. तो तिच्या तोंडापुढं धरला. गप, असं. मागच्या आठवड्यात यंत्र माळ्यावरून उतरलं, तवा तो असाच हात हलवत रडला होता. घरातले म्हणाले, आबांना आनंद झाला.

"काटा हलवून टाकायचा होता ना तवाच. कोण बघत होतं? एक खटका फिरवला असता की झालं असतं."

नाथानं मान हलवली. मग आपल्या डाव्या हाताकडं बोट... बोट कशानं करणार, उजवा हात लुळा. त्यानं डाव्या हाताची मूठ वळली, दांडा धरावा तशी, आणि ती हवेत तशीच थांबवली. फिरवली नाही.

हौसाबाईला समजलं. पोराचा शेवटचा हात होता तो. बापाला तो काट्यावरून पुसवला नव्हता.

आणि आज, लाकूड जाम, हात एक, तोंड बंद, तवा दातानं पाचर उपटून, चाक ओढून काढून, पोराचा तोच हात त्यानं चुलीत घातला होता.

ती राख चाळत राहिली. हौसाबाई गप्प बसली म्हणून अनिता घाबरून दारात आली. मागून धनेश.

"आये? सापडला काय चोर?"

नाथानं डोळे मिटले. सांगायची तर आता सांगायची होती. नाव साफ, ताठ मान, आणि सून-मुलगा पायाशी. हौसाबाईला आयुष्यात मान खाली घालायची वेळ आली नव्हती. ती कशी घालतात हे तिला ठाऊकही नव्हतं.

तिनं पदराची गाठ मारली, मोळे आत.

"सापडला," ती म्हणाली. "मीच. चुलीत घातलं. बोलले होते ना घालीन म्हणून? मग सकाळी खोटं बोलले. आता तोंड काय बघता? वाढा जेवायला."

धनेशच्या चेहऱ्यावर राग आला, मग कीव आली. कीव रागापेक्षा गिळायला जड. तिनं ती भाकरीबरोबर गिळली. शेजारी नाथा बसला होता. त्याच्या ताटातली भाकरी तिनं रोजच्यासारखी कुस्करली नाही, घास करून त्याच्या तोंडात दिला.

६

दालन उघडलं त्या दिवशी रोह्याच्या रस्त्याला गर्दी होती. धनेशनं आबांना चाकाच्या खुर्चीतून आणलं. हौसाबाई मागून चालली.

आत जायच्या आधी तिनं निलेशला बाजूला घेतलं. "फोटो पूस."

"आजी, तेवढा एकच पुरावा आहे. तो गेला तर नाथाबाबांचं यंत्र कायम चुकीचंच राहील. मी नवं चाक करणार होतो. जगाला दाखवणार होतो की ह्या माणसानं..."

"जगाला माझा गोविंदा कशाला दाखवायचा? ज्याचं यंत्र, त्यानंच ठरवलंय. एवढ्या वर्षांपूर्वी ठरवलंय." ती थांबली. "माझ्यासमोर पूस."

निलेशला ते सोपं गेलं नाही. अंगठा बराच वेळ काचेवर तरंगत राहिला. मग त्यानं पुसलं, आणि तिला दाखवलं. ती म्हणाली, "तू भला हायेस. आता नवं चाक बी करू नको."

मधल्या टेबलावर यंत्र होतं, घासूनपुसून. मध्ये भोक, आणि काटा खाली लोंबलेला. पाटीवर नाथाचं नाव होतं. ते तिनं धनेशकडून वाचून घेतलं, दोनदा.

गडबहून कान्हू आला होता, धुतलेला सदरा घालून. यंत्राभोवती तो एक फेरी फिरला. शाळेची पोरं जमली होती, त्यातल्या एकीनं विचारलं, हे काय करायचं?

"हे?" कान्हू म्हणाला. "हे भरती सांगायचं. एकदा चुकलं, आणि आमचा गाव गेला. हिचा सोन्यासारखा पोर गेला. विचार हिला. व्हय ना गो वयनी?"

सगळी हौसाबाईकडं वळली. निलेशनं तोंड उघडलं, आणि मिटलं.

हेच वाक्य ती जन्मभर बोलत आली होती, विहिरीवर, लग्नात, मयतीत. प्रत्येक वेळी नवऱ्याकडं बघून, दगड मारावा तसं.

तिनं खुर्चीच्या पाठीवर हात ठेवला. मान ताठ केली.

"व्हय कान्हू," ती म्हणाली. "यंत्रच चुकलं."

खुर्चीतून एक डावा हात वर आला, चाचपडला, आणि तिच्या पदराचं टोक मुठीत धरून बसला. त्या टोकाला मोळ्यांची गाठ होती.